आंदोलनाचे माहितीपट काढणारे गिधाडं?

कातळपुत्र: काल इथे एकाने लिहिलं, "आंदोलनं शूट करणारे गिधाडं असतात, बारसू त्यांना महोत्सवापुरतं हवं." रात्रभर तेच डोक्यात. एप्रिल २०२३ला राजापूरजवळच्या बारसूत रिफायनरीसाठीचं माती परीक्षण अडवायला बायका कातळावर बसल्या तेव्हा मी तिथे होतो. चपलेतून पाय भाजत होते, पेजेचा डबा हातोहात फिरत होता. अश्रुधूर सुटला, चॅनेलवाल्यांनी तेवढा धूर दाखवला आणि गेले. एक पोरगी मात्र दुसऱ्या दिवशीही कॅमेरा घेऊन त्याच करवंदीच्या जाळीपाशी. आनंद पटवर्धनांनी 'जय भीम कॉम्रेड' या माहितीपटाला १४ वर्षं दिली. गिधाड एवढं थांबतं?

राजापूरकरीण: १४ वर्षांचं कौतुक तुम्हाला. माझ्या वहिनीला नोटीस आली ती व्हिडिओतल्या तोंडावरून. तारखेला एसटीने ती जाते. कॅमेरावाला येतो का जामिनाला?

कातळपुत्र: ताई, ती कुणाच्या तरी मोबाइलची क्लिप असणार. माहितीपटवाले विचारून घेतात, नको म्हटलं तर चेहरा वगळतात. आणि समोर कॅमेरा असला की लाठीही जरा विचार करते.

राजापूरकरीण: असणार म्हणे! जैतापूरच्या अणुप्रकल्पाच्या वेळी, २०११ला, साखरीनाट्यात गोळी चालली. तिने केला होता विचार?

परळचा चाकरमानी: ह्यांच्या फिल्मात फक्त विरोधकच कसे? घरटी एक माणूस मुंबईत खपतोय, "आम्हाला काम हवं" म्हणणारी पोरं कुठे गेली? नाहीतरी पडीक सडाच तो, नुसतं कातळाचं पठार.

बांद्याचो बाबलो: सडो म्हणजे पडीक नाय रे मेल्या! गुरां खंय चरतत? गणपतीक पाच दिस येवन आमका शिकव नको. जमनी इकल्यान कोणी? तुमीच ना?

परळचा चाकरमानी: विकली, हो. सातबाऱ्यावर ३२ नावं, वाटणीला आले जेमतेम मुलाच्या फीपुरते. तुम्ही भरणार होता का फी?

सातबारावाला: दोघेही बरोबर, म्हणून वैताग. कागदावर सडा म्हणजे पोटखराबा, लागवडीला नालायक जमीन, म्हणून कवडीमोल. त्याच बारसूच्या सड्यावरची कातळशिल्पं २०२२ला युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेली. आमच्या काकांनी सही केली तेव्हा त्यांना एवढंच ठाऊक होतं की तिथे गवतसुद्धा नीट उगवत नाही. आता भावकीत बोलणं बंद, पालखीलाही वेगवेगळे उभे राहतो.

परळचा चाकरमानी: आमच्याकडेही तेच. पण शिव्या फक्त आम्हाला.

कातळपुत्र: अहो, विषय माहितीपटाचा होता.

बांद्याचो बाबलो: मगे काढा मां त्येच्यारच एक. भावकीर.

राजापूरकरीण: वहिनीला फोन केला. म्हणते, त्या कॅमेरावाल्या पोरीने देवळासमोर चादर बांधून आधी गावालाच दाखवलं. स्वतःला बघून ही पदर तोंडावर घेऊन हसत होती म्हणे. मला कुणी बोललं नव्हतं. बरं, ती पोरगी गिधाड नसेल. शुक्रवारी तारीख आहे, पहिली एसटी सहाची. तुमच्यापैकी कोण येतंय सोबत?