७/११ चं अपील: शंभर दिवसांनी आलेल्या टॅक्सीवाल्यावर भरवसा किती ठेवायचा?

खटलेवाचक
११ जुलै २००६ च्या लोकल स्फोटांच्या खटल्यात विशेष न्यायालयाने २०१५ मध्ये १२ जणांना दोषी धरलं. पाच फाशी, सात जन्मठेप. मुंबई उच्च न्यायालयाने २१ जुलै २०२५ ला सगळ्यांना निर्दोष सोडलं आणि सरकार लगोलग सर्वोच्च न्यायालयात धावलं. तिथे २४ जुलैला एवढंच ठरलं की हा निकाल दुसऱ्या खटल्यात दाखला म्हणून वापरायचा नाही; सुटलेल्यांनी तुरुंगात परतायचं कारण नाही.

माझं मत स्पष्ट आहे: साक्षीदारांच्या जिवावर सरकार हे अपील जिंकणार नाही. आरोपींना चर्चगेटला सोडलं म्हणणारे टॅक्सीवाले शंभराहून जास्त दिवसांनी पोलिसांपुढे आले. मधल्या काळात गाडीत किती भाडी बसली, उतरली! कोर्टात बोट दाखवून ओळखलं ते तर काही वर्षांनी. आणि सुटकेविरुद्धच्या अपिलाचा निकष सर्वोच्च न्यायालयाच्या चंद्रप्पा निकालाने (२००७) पक्का केलाय: पुराव्यातून दोन निष्कर्ष निघत असतील, तर सुटका हलवायची नाही.

विरार_फास्ट
शंभर दिवस, शंभर दिवस काय लावलंय? पोलिसांत नाव गेलं की धंदा बुडवून वर्षानुवर्षं तारखांना चकरा. कोण आपणहून पायरी चढेल? उशीर झाला म्हणजे खोटंच, असं कायदाही म्हणत नाही. पटेल असं कारण मागतो, इतकंच.

आणखी एक. विशेष न्यायाधीशांनी या साक्षीदारांना पिंजऱ्यात उभं पाहिलं, उलटतपासणी ऐकली. उच्च न्यायालयाने कागद वाचले. साक्षीदार ज्याने पाहिला त्याच्या मताला वजन द्या, हा नियम सुटकेच्या वेळी तुम्हाला प्रिय असतो. इथे सोयीने विसरलात?

खटलेवाचक
विसरलो नाही. शिव स्वरूप निकालापासून (१९३४, प्रिव्ही कौन्सिल, म्हणजे इंग्रजांच्या काळातलं शेवटचं अपील न्यायालय) तो आहेच. पण चेहरा बघून काय कळतं? माणूस बनाव करतोय का, पढवलेला आहे का. ओळखण्यात चुकलेला साक्षीदार खोटं बोलतच नसतो हो. त्याला मनापासून तसंच वाटत असतं, म्हणून तो छातीठोकपणे सांगतो. तिथे पिंजऱ्यातला आत्मविश्वास बघून काही हाती लागत नाही. दिवस मोजावे लागतात, आणि ते कागदावरच असतात.

तालुका_वकील
ओळख परेडबद्दल थोडं, म्हणजे संशयिताला इतरांबरोबर रांगेत उभं करून साक्षीदाराला ओळखायला सांगतात ते. एक संशयित असला तर रांगेत निदान सहा डमी, म्हणजे गुन्ह्याशी संबंध नसलेली माणसं, हवेत, साधारण त्याच वयाचे, त्याच अंगकाठीचे. पंच हवेत. पोलिसांनी बाहेर थांबायचं. संशयिताला विचारायचं, कुठे उभा राहतोस, शर्ट बदलायचाय का. हे सगळं टिपणात उतरवायचं. या खटल्यात परेड घेणाऱ्या विशेष कार्यकारी अधिकाऱ्याला तेव्हा अधिकारच नव्हता म्हणून ती परेड बाद झाली.

इथे मी विरारवाल्यांच्या बाजूने आहे. अधिकाऱ्याचा अधिकार संपला म्हणून साक्षीदाराला दिसलेला चेहरा बदलत नाही! शिवाय मूळ पुरावा कोर्टातली ओळख. परेड फक्त आधाराला. सर्वोच्च न्यायालयात सरकारने याच मुद्द्यावर जोर लावावा.

खटलेवाचक
आधार काढला की उरली फक्त कोर्टातली ओळख, तीही वर्षांनंतरची. आणि ज्याच्या सांगण्यावरून संशयितांची रेखाचित्रं काढली, त्या साक्षीदाराला आरोपी ओळखायला कोर्टात उभंच केलं नाही. त्याचं काय?

सातारी_चष्मा
शिवाजी साहेबराव बोबडे विरुद्ध महाराष्ट्र (१९७३) कुणी काढलं नाही अजून? सत्र न्यायालयाने सोडलं, उच्च न्यायालयाने शिक्षा दिली, सर्वोच्च न्यायालयाने कायम केली. न्या. कृष्ण अय्यर यांनी तेव्हाच बजावलंय की गुन्हेगार सुटणं हाही अन्यायच. जबाबात बारीकसारीक फरक दिसला की संशयाचा फायदा, ही खिरापत नाही.

खटलेवाचक
त्याच निकालात पुढे वाचा. आरोपीने गुन्हा केला असू शकतो आणि केलाच असला पाहिजे, यात लांबचं अंतर आहे, हेही त्यांचंच म्हणणं. आपापल्या सोयीचा परिच्छेद सगळेच उचलतात, मीसुद्धा.

विरार_फास्ट
ठीक. मग १८० हून जास्त माणसं मारली कुणी?

तालुका_वकील
ते या अपिलात ठरणार नाही. तिथे प्रश्न एवढाच, की या १२ जणांविरुद्धचा पुरावा पुरतो का. परेडवर मी सरकारच्या बाजूने भांडेन, पण रेखाचित्रवाल्या साक्षीदाराला ओळखीसाठी का बोलावलं नाही, याला उत्तर माझ्याकडेही नाही.