न्यायाधीश आयझॅक पार्कर खरंच रक्तपिपासू होता का?

रानवारा:
अमेरिकेतल्या आर्कान्सा राज्यातल्या फोर्ट स्मिथच्या आयझॅक पार्करबद्दल वाचतेय. १८७५ ते १८९६ या काळात १६० जणांना फाशीची शिक्षा, त्यातले ७९ प्रत्यक्ष फासावर. जिथे बघावं तिथे 'फाशीवाला जज' हेच बिरुद. माणूसच तसा होता की काळ? कायद्याच्या अंगाने कुणी सांगेल का?

तात्या_वकील:
आयुष्य फौजदारी कोर्टात गेलं, त्यामुळे या माणसाबद्दल मला फार वाटतं. रक्तपिपासू तो नव्हता. खून आणि बलात्कार, दोन्हींना तेव्हाच्या केंद्रीय कायद्यात फाशी हीच एक शिक्षा. ज्यूरी 'दोषी' म्हणाली की जजच्या हाती काही उरत नसे.

त्यात त्याच्या कोर्टाखालचा मुलूख कसला, तर इंडियन टेरिटरी, म्हणजे आजचा ओक्लाहोमा. चेरोकी, चॉक्टॉ, क्रीक या मूलनिवासी जमातींची स्वतःची न्यायालयं होती, पण बाहेरून घुसलेल्या गोऱ्यांवर त्यांचा अधिकार चालत नसे. मग फरारी लोक तिथेच दडायला जात. आधीचा जज विल्यम स्टोरी लाचखोरीच्या आरोपांत राजीनामा देऊन गेलेला. राष्ट्राध्यक्ष ग्रँट यांनी ३६ वर्षांच्या पार्करला नेमलं. मे १८७५ मध्ये तो रुजू झाला आणि ३ सप्टेंबरला सहा जण एकाच वेळी फासावर गेले. बिरुद तेव्हापासूनचं.

तरीही मी त्याला निर्दोष सोडणार नाही. १८८९ पर्यंत त्याच्या फाशीच्या निकालावर अपीलच नव्हतं. राष्ट्राध्यक्षांकडे दयेचा अर्ज, बस्स. अपिलाची सोय झाली आणि सुप्रीम कोर्टात गेलेले त्याचे बहुतेक निकाल उलटले. ज्यूरीला कायदा समजावताना तो जवळजवळ सरकारी वकील होऊन बोलायचा. हिकरी नावाच्या आरोपीच्या खुनाच्या खटल्यात 'पाठलाग नसतानाही दुष्ट पळतो' हे बायबलचं वचन त्याने ज्यूरीला ऐकवलं. १८९६ मध्ये सुप्रीम कोर्टाने तो निकाल रद्द केला. मग १८८९ आधी जे फासावर गेले, त्यांच्या ज्यूरीला काय काय ऐकवलं असेल? मला हे फार अस्वस्थ करतं.

ओझार्कवासी:
मी फोर्ट स्मिथच्या जवळच राहतो. पार्करचं पहिलं कोर्ट जुन्या बराकीत होतं आणि कैदी त्याच इमारतीच्या तळघरात कोंबलेले असत. ती जागा आजही बघता येते. त्याच्या डेप्युटी मार्शलांमधल्या (आरोपींना पकडून आणणारे कोर्टाचे अधिकारी) बॅस रीव्हजबद्दलही जरूर वाचा. गुलामगिरीत जन्मलेला, निरक्षर. वॉरंटं दुसऱ्याकडून वाचून घेऊन तोंडपाठ करायचा. आपल्या स्वयंपाक्याच्या खुनाचा आरोप त्याच्यावरही आला. १८८७ मध्ये पार्करच्याच कोर्टात खटला चालला आणि तो निर्दोष सुटला.

रानवारा:
तात्या, स्वतः पार्करचं फाशीबद्दल मत काय होतं?

तात्या_वकील:
शिक्षा हमखास होणार असेल तर फाशी रद्द करायला माझी हरकत नाही, असं त्याने १८९६ मध्ये एका पत्रकार बाईंना सांगितलं. अपिलावर मात्र त्याचा राग होता. फाशी सुनावलेल्या 'चेरोकी बिल' नावाच्या गुन्हेगाराचं अपील पडून असताना त्या गुन्हेगाराने तुरुंगात पहारेकऱ्याला गोळी घातली, आणि पार्करने जाहीरपणे सुप्रीम कोर्टाच्या विलंबाला दोष दिला. मारल्या गेलेल्या माणसाची बाजू कोण घेणार, ही त्याची कळकळ खरी होती. १ सप्टेंबर १८९६ ला इंडियन टेरिटरीवरचा त्या कोर्टाचा अधिकार संपला, १७ नोव्हेंबरला पार्कर वारला.

हिकरीचा निकाल मुळातून वाचाच. सोबत त्याच वर्षीचा ॲलन खटला वाचा. तिथे पार्करचा निकाल सुप्रीम कोर्टात टिकला. ज्यूरीचं एकमत होत नसेल तर अल्पमतातल्यांनी पुन्हा विचार करावा, ही त्याची सूचना अमेरिकेतली अनेक कोर्टं अजून 'ॲलन चार्ज' म्हणून देतात.