३१५ बोर रायफल: दुसरं काडतूस अडकतं, आणि रिकामी करताना खात्री वाटत नाही

रानवाट

ईशापूरच्या सरकारी कारखान्याची ३१५ बोर स्पोर्टिंग रायफल वारसाहक्काने माझ्या परवान्यावर चढली आहे. मॅगझिन पाच काडतुसांचं, काडतुसं खडकीच्या कारखान्याची, जुन्या डब्यातली. अडचणी तीन. पाच काडतुसं भरली की पहिलं नीट चढतं, पण दुसऱ्या-तिसऱ्याला बोल्ट (काडतूस पुढे ढकलणारा मुठीचा दांडा) मध्येच अडतो, जोर लावूनही पुढे जात नाही. कधी अडतो, कधी नाही. दुसरं म्हणजे सेफ्टी लावली की बोल्ट उघडतच नाही. म्हणजे रिकामी करायला सेफ्टी काढावी लागते, हे बरोबर आहे की काही बिघाड? आणि तिसरं, शेतावर जाताना चेंबरमध्ये (नळीच्या मागच्या टोकाला काडतूस बसतं त्या जागेत) काडतूस ठेवून सेफ्टी लावावी की चेंबर रिकामं ठेवावं? परवान्यासाठीचं सुरक्षा प्रशिक्षण झालंय, पण तिथे दुसऱ्याच बनावटीची बंदूक होती.

खटका

रानवाटभाऊ, आधी अडकण्याचं बघू. तुमचं काडतूस मूळचं ऑस्ट्रियाचं, ८×५० आर मानलिखर. त्यातला ‘आर’ म्हणजे रिम. सरकारी फौजेचं ३०३ नागरिकांना बंद, म्हणून फौजेच्या ली-एनफिल्ड रायफलीच्याच सांगाड्यात हे बसवलं. त्याच्या बुडाला बाहेर आलेली कडा असते, ताटाच्या काठासारखी. सगळी गोम त्या कडेत आहे.

मॅगझिनमध्ये काडतुसं एकावर एक बसतात. वरच्याची कडा खालच्याच्या कडेच्या पुढे असेल तर बोल्टने ढकलल्यावर वरचं मोकळं सुटतं. ती खालच्याच्या कडेच्या मागे पडली असेल तर पुढे जाताना ते खालच्यालाही ओढतं, दोघं मिळून अडतात. भरताना हाताची सवय काडतूस सरळ खाली दाबायची असते, त्यात कडा मागे पडली की पुढे पडली हे नशिबावर जातं. ‘कधी अडतो, कधी नाही’ याचं कारण तेच.

भरायची रीत अशी. नळी सुरक्षित दिशेला, बोट चापाच्या कडीबाहेर, बोल्ट पूर्ण मागे. पहिलं काडतूस मॅगझिनच्या ओठांखाली, म्हणजे वरच्या वळलेल्या पत्र्याखाली, दाबून बुडाकडून मागच्या भिंतीला टेकवा. दुसरं त्याच्यावर ठेवताना आधी थोडं पुढे धरा, कडा खालच्या कडेच्या पुढे उतरली हे डोळ्यांनी बघा, मग अंगठ्याने दाबा. तिसरं, चौथं तसंच. पाचव्याला स्प्रिंग कडक होते, अंगठा घसरतो आणि नेमकी तिथेच कडा उलटी बसते. घाई नसेल तर चारच भरा. एका काडतुसाने काही बिघडत नाही, आणि तुमच्या तिसऱ्या प्रश्नातही त्याचा फायदा आहे.

एवढं करूनही दर वेळी ठरावीक क्रमांकालाच अडत असेल, समजा कायम तिसऱ्यालाच, तर दोष कडांचा नाही. मॅगझिनचे ओठ वाकलेत किंवा स्प्रिंग मेलीये. ओठ पक्कडीने वाकवत बसू नका, परवानाधारक कारागिराकडे द्या.

अडकल्यावर बोल्टच्या मुठीवर तळहाताने ठोकायचं नाही. सॉफ्ट नोज गोळीचं शिशाचं टोक चेपतं, गोळी पुंगळीत मागे दाबली जाते आणि मग दाब वाढतो. बोल्ट मागे घ्या, चापासमोरची कळ दाबून मॅगझिन काढा, मग सोडवा.

सेफ्टीचं म्हणाल तर तो बिघाड नाही. या घाटणीत डावीकडची कळ मागे म्हणजे सुरक्षित, पुढे म्हणजे चालू. मागे असताना ती घोडा (बोल्टच्या मागच्या टोकाचा, ताणला जाणारा भाग) धरते आणि बोल्टही कुलूपबंद करते, म्हणजे झुडपात मूठ अडकून बोल्ट उघडत नाही. तरी मॅगझिन काढून, चेंबर रिकामं करून, आपल्या रायफलीवर एकदा स्वतः तपासाच. सेफ्टी मागे, चाप दाबा: घोडा पडता कामा नये. चाप सोडून सेफ्टी पुढे करा: तेव्हाही पडता कामा नये. दुसऱ्या वेळी पडला तर सेफ्टी झिजली आहे.

मळेवाला

रिकामी करायला सोपं आहे. सेफ्टी पुढे करून बोल्ट पाच वेळा मागेपुढे केला की सगळी काडतुसं बाहेर येतात. आणि शेतावर नेताना काडतूस चढवून घोडा अंगठ्याने धरून हळूच अर्ध्यावर सोडायचा. सेफ्टीची गरज पडत नाही, वेळेला नुसता मागे ओढला की तयार.

चांदमारी

मळेवालेदादा, दोन्ही सल्ले मागे घ्या, कृपया.

घोड्याचं आधी. या रायफलीत घोडा आणि फायरिंग पिन एकाच दांड्यावर आहेत. चेंबरमध्ये जिवंत काडतूस असताना घोडा पूर्ण सोडला तर पिनचं टोक थेट प्रायमरवर (बुडातल्या, दारू पेटवणाऱ्या टोपीवर) टेकून राहतं. रायफल हातातून निसटून मागच्या बाजूवर पडली की तेवढा ठोसा पुरतो. अर्ध्यावरची खाच ही चुकून घोडा सुटला तर अडवायला केलेली आहे, शस्त्र बाळगायची जागा नव्हे. जुन्या रायफलीत ती झिजलेलीही असते. आणि सोडताना एका हाताने चाप दाबलेला, दुसऱ्या हाताचा घामेजलेला अंगठा स्प्रिंगच्या जोरावर. तो निसटला तर गोळी सुटलीच.

आता पाच वेळा बोल्ट मारण्याचं. प्रत्येक वेळी जिवंत काडतूस चेंबरमध्ये जातं, म्हणजे रिकामी करताना रायफल पाचदा भरली जाते. शिवाय ही बनावट बोल्ट पुढे दाबताना घोडा ताणते, मूठ उचलताना नव्हे. म्हणून शेवटच्या इंचभरात जोर लागतो, आणि नवखा माणूस तिथेच बिचकून बोल्ट अर्ध्यातून मागे ओढतो. एक्स्ट्रॅक्टरच्या, म्हणजे काडतूस मागे ओढणाऱ्या, नखाने कडा पकडलेली असेलच असं नाही. काडतूस चेंबरमध्येच राहतं, बोल्ट मागे येऊन दुसरं उचलतो, आणि त्याचं टोक पहिल्याच्या प्रायमरवर आदळतं. म्हणून चढवायचं असेल तेव्हा एका दमात, पूर्ण, मूठ खाली पडेपर्यंत. अर्धवट काही नाही.

रिकामी करण्याचा क्रम: नळी सुरक्षित दिशेला, बोट बाहेर. आधी मॅगझिन काढा. सेफ्टी मागेच असू द्या, मॅगझिन तरीही निघतं. ते बाजूला ठेवलं की प्रश्न उरतो फक्त चेंबरमधल्या एका काडतुसाचा. मग सेफ्टी पुढे, आणि बोल्ट एका झटक्यात पूर्ण मागे. हळू ओढला तर काडतूस बाहेर न उडता तिथेच लोळतं, बाहेर काढणारा खिळा डाव्या भिंतीला असतो आणि त्याला वेग लागतो. झेलायला जाऊ नका, जमिनीवर पडू द्या. मग चेंबरमध्ये डोळ्यांनी बघा आणि करंगळी घालून चाचपा. पोकळ गोल कडा लागली तर रिकामं, पितळेचं सपाट बूड लागलं तर नाही. रात्री बॅटरी असली तरी करंगळी घालाच. मॅगझिनमधली काडतुसं नंतर अंगठ्याने एकेक पुढे सरकवून काढायची आणि मोजायची. चार भरली होती तर चार हातात आली पाहिजेत.

मॅगझिन न काढता बोल्ट उघडला, एक काडतूस उडालं आणि ‘झाली रिकामी’ म्हणून बोल्ट परत लावला की मॅगझिनमधलं पुढचं काडतूस गुपचूप वर चढतं. ‘रिकामी होती हो’ म्हणत सुटणाऱ्या गोळ्या बहुतेक अशाच सुटतात.

रानवाट

कडांचं लक्षात आलं. आत्ता मॅगझिन बाहेर काढून भरून बघितलं, तिसरं खरंच उलटं बसलेलं. मग शेतावर नेताना नेमकं काय करायचं? आणि जुन्या काडतुसांचं काय?

चांदमारी

गाडीत, मोटारसायकलवर, घरात: मॅगझिन बाहेर, चेंबर रिकामं. शेतावर पायी फिरताना मॅगझिन भरलेलं पण चेंबर रिकामं. त्यासाठी बोल्ट मागे असताना डाव्या अंगठ्याने वरचं काडतूस खाली दाबून धरा, बोल्टचं तोंड त्याच्या कडेवरून पुढे सरकू द्या, मग अंगठा काढून बोल्ट लावा. पाच भरलेली असली तर दाबायला जागाच उरत नाही. चार असली की सहज होतं. खटकाभाऊंनी फायदा म्हटलं तो हाच. पूर्ण लावण्याआधी फटीतून बघा, काडतूस बोल्टच्या खाली दिसलं पाहिजे, पुढे नाही.

बांध, तारेचं कुंपण, ओढा ओलांडताना मॅगझिनसुद्धा काढा. मचाणावर चढताना रायफल पाठीला नको. रिकामी करून, बोल्ट उघडा ठेवून दोरीने मागून ओढून घ्या, नळी खाली. आणि नळीच्या तोंडात चिखल गेला अशी नुसती शंका आली तरी बोल्ट बाहेर काढून मागून उजेड बघायचा. ओल्या मातीचा बोटभर बोळाही नळी फुगवतो किंवा फाडतो.

सह्याद्रीकडे असाल तर एक अजून. काळ्या कातळावर आणि पाण्यावर गोळी उडते आणि कुठेही जाते. मागे मातीचा चढ दिसत नसेल तर चाप दाबायचा नाही. ही गोळी दोन-अडीच किलोमीटरवरही माणूस मारू शकते, आणि आपल्याकडे तेवढ्या अंतरात वस्ती नाही असं रान कुठलं?

पुंगळी

जुन्या काडतुसांबद्दल मी लिहिते.

डबा उघडून एकेक हातात घ्या. हिरवट गंज, मानेला चीर, बोटाने हलणारी गोळी, चेपलेलं टोक: असं काही दिसलं तर ते वेगळं काढा आणि परवानाधारक विक्रेत्यामार्फत किंवा ठाण्यात जमा करा. खतावणीत नोंद राहते, हिशेब जुळतो. विहिरीत टाकणं, चुलीत घालणं असले उद्योग नकोत. बुडावरचा शिक्का आणि डबा जुळतो का बघा. ३०३ आणि ३१५ शेजारी ठेवले तर भावंडं वाटतात, पण एकाच्या चेंबरमध्ये दुसरं घालायचं नाही. ८ मि.मी. माउझर म्हणून मिळतं तेही वेगळं.

चाप दाबला आणि नुसता ‘टक्’ आवाज आला तर बोल्ट लगेच उघडू नका. जुन्या प्रायमरमध्ये ठिणगी उशिरा पोचते. खांद्यावरून न काढता, नळी त्याच दिशेला ठेवून किमान तीस सेकंद थांबा; जुना डबा असेल तर मनातल्या मनात साठ मोजा. मग चेहरा बाजूला ठेवून बोल्ट उघडा. तेच काडतूस परत चढवू नका.

आवाज आला पण ‘फुस्स’ असा, धक्का हलका, तर ते जास्त वाईट. गोळी नळीतच अडकलेली असू शकते. पुढचं काडतूस चढवलं तर नळी फाटते. रायफल रिकामी करा, बोल्ट काढा, उजेड दिसला नाही तर थेट कारागीर.

झाडलेल्या पुंगळ्या फेकू नका, बघा. बुडापासून साधारण बोटाच्या पेरापेक्षा कमी अंतरावर चकचकीत गोल रेघ दिसली तर पुंगळी तिथे ताणली जातेय. पुढची पायरी म्हणजे बूड तुटून बाहेर येतं आणि नळकांडं चेंबरमध्येच राहतं. मग पुढचं काडतूस अर्ध्यात अडतं आणि माणूस जोर लावतो. कारण बहुधा बोल्टचं तोंड आणि चेंबर यांतली जागा वाढलेली असते. या बनावटीत बोल्टचं डोकं वेगळं, आट्यावर बसणारं असतं आणि कुलपाचे खांदे मागच्या बाजूला. बोल्ट ज्या रायफलीला जुळवलेला असतो त्याच रायफलीचा लागतो. मुठीमागचा नंबर आणि सांगाड्यावरचा नंबर जुळतो का ते आजच बघा. दुरुस्तीला दिलेल्या दोन रायफलींचे बोल्ट अदलाबदल होऊन आले तर वापरणाऱ्याला पत्ता लागत नाही, नंबर सांगतो.

चेंबर कोरडं हवं. गंज नको म्हणून तेल माखून ठेवतात आणि तसंच झाडतात. तेलकट चेंबरमध्ये पुंगळी भिंतीला धरत नाही, सगळा धक्का बोल्टवर येतो. झाडण्याआधी पुलथ्रूला (नळी साफ करायच्या दोरीला) चार बाय दोन इंचाची कोरडी चिंधी लावून एका ओढीत आरपार काढा, मध्ये थांबू नका. कोकणातल्या पावसाळ्यात ठेवायचं तेल पातळ, दर पंधरा दिवसांनी. कापडी किंवा चामड्याच्या म्यानात कायमची ठेवू नका, ओल धरते.

खटका

पुंगळीताईंनी नंबरांचं बरं आठवण करून दिलं. दोन बारक्या गोष्टी जोडतो.

निवडणुकीच्या काळात ठाण्यात जमा करायला सांगतात तेव्हा रिकामी घरीच करा, ठाण्याच्या टेबलावर नव्हे. नेताना बोल्ट बाहेर काढून वेगळ्या पिशवीत. काढायला सेफ्टी पुढे, बोल्ट पूर्ण मागे, त्याचं डोकं वर उचकटलं की मागे निघून येतो. बसवताना डोकं पूर्ण आवळलंय आणि मुठीच्या रेषेत आहे हे बघा. समोरच्याच्या हातात देताना बोल्ट उघडा आणि चेंबर त्याला दाखवून. घरी कपाटात रायफल, दुसऱ्या कुलपात बोल्ट आणि काडतुसं, किल्ल्या एकत्र नकोत.

बंदोबस्तासाठी परवाना असला तरी रानडुकरावर किंवा रोहीवर गोळी झाडायची तर वनखात्याची लेखी परवानगी लागते, वन्यजीव संरक्षण कायदा १९७२, कलम ११. आणि वरातीत ‘दादा, एक बार काढा ना’ म्हणणारे भेटतीलच. शस्त्र कायद्याच्या २०१९ च्या दुरुस्तीनंतर त्याला दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही.

भरण्या-काढण्याचा सराव जिवंत काडतुसांवर करू नका. कारागिराकडून दारू आणि प्रायमर नसलेली पाच डमी घ्या, बुडाला लाल रंग लावून ठेवा. कडा पुढे-मागे बसण्याचा खेळ त्यावर अर्धा तास केला की डोळे मिटूनही अंगठ्याला कळतं.