कांटचा ईश्वर
अठराव्या शतकातला जर्मन तत्त्वज्ञ इमॅन्युएल कांट याच्याबद्दल 'कांटनंतर विवेकवादी माणसाला धर्माची गरज उरली नाही' असं एक मत मांडलं जातं. ते मला घाईचं वाटतं. १७८१ च्या ग्रंथात त्याने ईश्वराच्या अस्तित्वाचे तात्त्विक पुरावे निकालात काढले, हे खरंच. पण तिथेच थांबलं तर अर्धाच कांट हाती लागतो. १७८८ मध्ये ईश्वर आणि आत्म्याचं अमरत्व तो नैतिक जीवनाची गृहीतकं म्हणून परत आणतो. क्रम मात्र उलटा. माणूस स्वतःच्या बुद्धीने स्वतःला नियम घालून देतो, हेच त्याचं स्वातंत्र्य. श्रद्धा त्यानंतर येते. शिक्षेच्या भीतीने किंवा स्वर्गाच्या आशेने केलेल्या सत्कृत्याला इथे नैतिक किंमतच नाही! हा विचार मला आजही हलवून सोडतो.

आणि हे निव्वळ पुस्तकी नव्हतं. धर्मावरच्या १७९३ च्या ग्रंथावरून कांट राहत होता त्या प्रशिया या जर्मन राज्याचा राजा फ्रेडरिक विल्यम दुसरा याने पुढच्याच वर्षी त्याला तंबी दिली. धर्मावर लिहिणार नाही, असं वचन सत्तरीतल्या कांटने दिलं. १७९७ मध्ये राजा वारला, तेव्हा आपण वचनातून मोकळे झालो असं मानून १७९८ मध्ये त्याने पुन्हा लिहिलं.

कांटनंतरचा जर्मन तत्त्वज्ञ हेगेल याला मात्र स्वतःच स्वतःला नियम घालण्याचं हे स्वातंत्र्य फार अमूर्त वाटलं. कुटुंब, समाज, राज्य यांत ते उतरायला हवं, असं तो म्हणतो. त्या बाजूने कुणी सविस्तर लिहिलं तर मला वाचायचं आहे.