मदत हवी आहे : गॅलिसियातलं लोकसंगीत आणि टेक्नो

मंडळी, २३ जूनच्या रात्री, सॅन शोआनला (संत जॉनच्या सणाला), मी स्पेनमधल्या गॅलिसिया प्रांतातल्या आ कोरुन्या शहरात असेन. रियासोर आणि ओर्सानच्या किनाऱ्यावर होळ्या पेटतात, सार्डिन भाजतात, लोक आगीवरून उड्या मारतात. पण मला हवंय ते त्यानंतरचं. बायूका (तिथलं लोकसंगीत इलेक्ट्रॉनिकमध्ये मिसळणारा गॅलिसियन कलाकार) ऐकल्यापासून वेड लागलंय: पांदेइरेता (आपल्या खंजिरीची बहीणच), एकमेकांवर घासलेले शिंपले, बायकांचे खडे आवाज आणि खाली इलेक्ट्रॉनिक ठोका. तिथली सांता कॉम्पान्या, म्हणजे रात्री मेणबत्त्या घेऊन निघणारी मृतांची मिरवणूक, वाचली तेव्हा तर आजीच्या गोष्टींतली वेताळाची पालखीच आठवली!

तर दोन प्रश्न. असं संगीत वाजणारे छोटे क्लब तिथे कुठे आहेत? मोठे फेस्टिव्हल नकोत. आणि जे स्वतः ट्रॅक बनवतात त्यांना: मुइन्येइरा (गॅलिसियातला नाच आणि त्याची धून) सहा-आठच्या (६/८) तालात असते. मी तिच्याखाली चारचा सरळ किक (टेक्नोमधला ड्रमचा जड ठोका) टाकला की तिचा सगळा झुलता डौल जातो, वरातीतला डीजे वाटतो. किक ट्रिपलेटवर (एका ठोक्याचे तीन समान भाग) बसवू, की पांदेइरेताचं रेकॉर्डिंग न कापता अख्खंच सोडू? एबलटन (संगीत बनवायचं सॉफ्टवेअर) वापरतो. कुणी केलं असेल तर प्लीज सांगा.