पत्रकारानं निवडणुकीला उभं राहावं का? घरात सगळे अत्र्यांचं नाव घेतात

राजारामपुरी_९वी_गल्ली:
मंडळी जरा मोकळेपणानं सांगा. नऊ वर्षं झाली एका लोकल पेपरात बातमीदार आहे, महापालिका माझ्याकडंच असते. आता तालमीतली पोरं मागं लागल्यात की प्रभागातनं उभा राहा, पाण्याचं नि कचऱ्याचं तुझ्याएवढं कुणाला माहिती हाय. वडील तर एकच वाक्य धरून बसलेत, आचार्य अत्रे पेपरवालेच होते की, झालेच ना आमदार. पण मला अत्रे म्हणजे शाळेतल्या पुस्तकापुरतेच माहिती. आमदार झाल्यावर त्यांचं लिहिणं सुटलं का? लोकांनी पेपरवर विश्वास ठेवायचं सोडलं का? रात्री झोप लागंना झालीय या विचारानं.

पंचगंगा_घाट:
भावा, वडलांना सांग क्रम तसा नव्हता. अत्रे आधी मास्तर, पुण्यात कॅम्पातल्या शाळेचे हेडमास्तर, मग नाटककार, आणि पुण्याच्या नगरपालिकेत निवडून गेले ते 'नवयुग' काढायच्या आधी. रे मार्केटला महात्मा फुले मंडई हे नाव मिळालं ते त्यांच्या त्या काळातल्या धडपडीनं. 'नवयुग' साप्ताहिक १९४० चं. म्हणजे आधी नगरसेवक, मग संपादक!
आणि त्यांचं दैनिक 'मराठा' तर संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीतूनच जन्मलं. १ नोव्हेंबर १९५६ ला मराठी-गुजराती मिळून एकच द्विभाषिक राज्य लादलं आणि १५ नोव्हेंबरला 'मराठा'चा पहिला अंक बाहेर. पुढच्याच वर्षी संयुक्त महाराष्ट्र समितीकडून विधानसभेत. लिहिणं सुटायचा प्रश्नच नव्हता, सकाळी अग्रलेख आणि संध्याकाळी सभा असा माणूस तो. वाचक पैसे देऊन पेपर घ्यायचा तेव्हा त्याला ठाऊक असायचं हा कुठल्या बाजूचा आहे ते. लपवाछपवी नाही, म्हणून विश्वास टिकला असं माझं ठाम मत.

रंकाळ्यावरचा:
थोडं विषयाबाहेर पण राहवत नाही. अत्रे आपल्या कोल्हापूरचेही आहेत हो थोडे, मास्टर विनायकांच्या हंस पिक्चर्सचा 'ब्रह्मचारी' १९३८ चा, तो त्यांनीच लिहिलेला. सभेत हजारो माणसं तासन्‌तास धरून ठेवायची ताकद नाटक-सिनेमातनं आली असणार. नुसत्या बातम्या लिहून ती येत नाही, हे उभं राहणाऱ्यानं ध्यानात घ्यावं.

सविता_माजी_उपसंपादक:
दादा, मी बारा वर्षं डेस्कवर काढलीत म्हणून स्पष्ट लिहिते. 'मराठा' अत्र्यांच्या मालकीचा होता, तुम्ही पगारावर आहात. फरक इथं आहे. आमच्याकडे एकानं तिकीट पक्कं होईपर्यंत कुणाला सांगितलं नाही आणि तोवर त्याच प्रभागाच्या बातम्या देत राहिला, नंतर त्याच्या जुन्या खऱ्या बातम्यांवरपण लोक शंका घ्यायला लागले, आम्हा सगळ्यांना त्याचा त्रास झाला. ठरलं असेल तर आजच संपादकांना सांगा आणि महापालिका दुसऱ्याकडे द्या.
अत्र्यांचं सगळंच घेऊ नका. त्यांची लेखणी पार व्यक्तिगत व्हायची, यशवंतराव चव्हाणांवर काय काय लिहिलं ते वाचून आजही वाईट वाटतं. पण ज्या नेहरूंवर चळवळीत तुटून पडले त्यांच्यावरच १९६४ मध्ये ते गेल्यावर 'सूर्यास्त' ही लेखमाला लिहिली. विरोधकासाठी असं रडता येणं, हे मात्र घ्या.

बिंदू_चौक:
एवढं लांब कशाला जायचं, भाई माधवराव बागल आपल्या गावचेच की. वडील खंडेराव 'हंटर' हा पेपर चालवायचे, त्या घरातला माणूस. चित्रकार, लेखक, आणि १९३९ पासून प्रजा परिषदेत, म्हणजे प्रजेच्या हक्कांसाठीच्या संघटनेत, कोल्हापूर संस्थानाविरुद्ध उभा राहिलेला. ९ डिसेंबर १९५० ला बिंदू चौकात फुल्यांचा आणि बाबासाहेबांचा पुतळा बसवला तो त्यांनी, बाबासाहेब हयात असताना! मी रोज तिथनं जातो, दरवेळी मान वर होते. पदासाठी नव्हती ओ त्यांची धडपड. तुझं काम पाण्याचं असेल तर ते नगरसेवक होऊनच होणार का, एवढं स्वतःला विचार.

राजारामपुरी_९वी_गल्ली:
सगळ्यांचे मनापासून आभार. सविताताई, उद्या सकाळीच संपादकांना भेटतो, उभं राहायचं की नाही हे नंतर बघू पण महापालिकेच्या बातम्या आता मी देणार नाही. वडलांना क्रम वाचून दाखवला, गप्प बसले थोडा वेळ. बागलांचं लिखाण कुणाकडं असेल तर सांगा, येऊन घेऊन जातो, नीट परत आणून देईन.