सेसिल देक्युजिसचं मोठं काम कुठलं: गोदारचं की रोमेरचं?

रीळ_आणि_कात्री:
फ्रेंच न्यू वेव्हचा, म्हणजे 1960च्या आसपासच्या फ्रान्समधल्या तरुण दिग्दर्शकांच्या सिनेमाचा विषय निघाला की संकलक सेसिल देक्युजिसचं नाव गोदारच्या 'आ बू द सूफ्ल'च्या (1960) जंप कट्सपाशी (शॉटमधला तुकडा काढल्याने चित्र उडी मारतं, ते कट) येऊन थांबतं. मला हा तिच्यावर अन्याय वाटतो. तिचं खरं कसब दिग्दर्शक एरिक रोमेरच्या सिनेमांत दिसतं. 'मा न्वी शे मोद' (1969), 'ल जनू द क्लेर', 'पोलिन आ ला प्लाज' (1983). माणसं नुसती बोलत बसलेली असतात आणि तरी आपण जागचे हलत नाही. बोलणाऱ्यावरून ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर नेमकं कधी जायचं, यावर हे सिनेमे उभे आहेत. क्षणभर उशीर झाला तरी संवादाचं व्याख्यान होईल.

प्रभातरोड:
असहमत. रोमेर एका शॉटचे फार थोडे टेक घ्यायचा, बहुतेकदा एकच. काय कापायचं हे चित्रीकरणाआधीच त्याच्या डोक्यात पक्कं असायचं. मग संकलकाला निवडीला वाव किती? उलट 'आ बू द सूफ्ल'ची पहिली जोडणी फार लांबली होती आणि सिनेमा दीड तासावर आणायचा होता. अख्खे प्रसंग न काढता शॉटच्या आतूनच तुकडे काढले गेले. मोटारीतला तो प्रसंग आठवा. नायक बेलमाँदो बोलतोय, नायिका सीबर्गची मान तीच, मागचे रस्ते मात्र उड्या मारत बदलतात. जगभरच्या संकलकांना याने धीर दिला.

रीळ_आणि_कात्री:
पण ती युक्ती गोदारची, असं तुम्हीच इतरत्र म्हणता ना? श्रेय त्याला द्यायचं आणि कारकीर्द मोजताना तोच सिनेमा तिच्या नावावर धरायचा, हे जुळत नाही. आणि टेक एकच असला तरी तो कुठे सोडायचा हा प्रश्न उरतोच.

मीरा_संकलन:
मी टीव्ही मालिकांचं संकलन करते, म्हणून राहवत नाही. 'न दिसणारं संकलन श्रेष्ठ' हे वाक्य आम्हाला फार महागात पडलंय. काम दिसलं नाही की नावही दिसत नाही आणि पैसेही तसेच. संकलक फ्रान्सवाज बॉनोला 'झेड' या सिनेमासाठी ऑस्कर मिळालं, कारण त्या सिनेमाचा वेग प्रेक्षकाला अंगावर जाणवतो. देक्युजिस, आन्येस गियमो, मारी-जोजेफ योयोत या संकलक बायकांनी न्यू वेव्ह संकलनाच्या टेबलावर घडवली आणि पुस्तकं दिग्दर्शकांवर निघाली. त्यामुळे जंप कटवर तिचा हक्क सांगायलाच हवा.

नदीपल्याड:
एक गोष्ट सगळ्यांकडून सुटतेय. देक्युजिसने 1957 मध्ये अल्जीरियन निर्वासितांवर स्वतः लघुपट केला होता. 1960 मध्ये, फ्रान्सपासून स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या अल्जीरियन मुक्ती आघाडीसाठी आपल्या नावावर घर भाड्याने घेतल्याबद्दल तिला पाच वर्षांची शिक्षा झाली. त्यातली दोन वर्षं ती तुरुंगात होती. 'आ बू द सूफ्ल' गाजत असताना तिला टेबलापासून दूर राहावं लागलं. तिची कारकीर्द मोजताना ही दोन वर्षं वजा का करायची? माझ्या लेखी तीही तिच्या कारकिर्दीतच येतात.

प्रभातरोड:
त्या धैर्याला नमस्कार. पण त्यामुळे कट चांगला-वाईट ठरत नाही. माझं मत कायम आहे.

मीरा_संकलन:
कट ठरत नाही, खरं आहे. पण त्यानंतर परत येऊन तिने रोमेरबरोबर 'ले न्वी द ला प्लेन ल्युन'पर्यंत (1984) काम केलं. इतकी वर्षं एखादा दिग्दर्शक त्याच संकलकाकडे परत जातो, तेव्हा टेबलावर नुसती जोडणी होत नसते, निर्णय होत असतात. वेगाबद्दलचं माझं म्हणणं मी सोडत नाही. पण रोमेरकडे तिला वाव नव्हता, हे मला पटत नाही.